विश्लेषण : अणुचाचण्यांनी आजारी पडलेल्यांची नोंद कोणत्या रकान्यात होते?

युद्धात गोळी लागली की जखम दिसते आणि कारणही दिसते. किरणोत्सर्गाचे तसे नसते. अणुचाचणीच्या वेळी हजर असलेल्या सैनिकाला कर्करोग होतो तो २०-३० वर्षांनी, आणि तोवर तो साध्या नागरी रुग्णालयातला एक म्हातारा रुग्ण झालेला असतो. त्याच्या आजाराला कोड मिळतो, पण आजाराच्या मागच्या कारणाला बहुतेकदा मिळत नाही. वैद्यकीय नोंदींच्या जागतिक पद्धतीत लष्करी कारवाईतील किरणोत्सर्गासाठी स्वतंत्र कोड आहेत. तरीही ते वापरात का येत नाहीत, आणि त्याची किंमत कोण मोजते?

१९५४ मध्ये काय घडले होते?

१ मार्च १९५४ रोजी अमेरिकेने प्रशांत महासागरातील बिकिनी प्रवाळद्वीपावर ‘कॅसल ब्राव्हो’ ही हायड्रोजन बॉम्बची चाचणी केली. स्फोट अपेक्षेच्या दुपटीहून मोठा, म्हणजे सुमारे १५ मेगाटनांचा झाला. हिरोशिमावरील बॉम्बच्या तुलनेत ही ताकद जवळपास हजारपट होती. त्या वेळी ‘दाइगो फुकुर्यू मारू’ ही जपानी नौका घोषित धोकादायक क्षेत्राच्या बाहेर ट्यूना पकडत होती. काही तासांनी नौकेवर पांढरी भुकटी पडू लागली. ती स्फोटात उडालेल्या प्रवाळाची किरणोत्सारी राख होती. खलाशांनी ती हातांनीच गोळा करून बाजूला केली.

नौकेवर २३ जण होते. त्यांना उलट्या झाल्या, त्वचा भाजल्यासारखी झाली, केस गळू लागले. १४ मार्चला नौका याइझू बंदरात परतली तेव्हा डॉक्टरांना त्यांच्या रक्तातील पांढऱ्या पेशी घटत असल्याचे आढळले. नौकेचे रेडिओचालक आइकिची कुबोयामा यांचे २३ सप्टेंबर १९५४ रोजी निधन झाले. ते ४० वर्षांचे होते.

मृत्यूच्या कारणावरून वाद का झाला?

जपानी डॉक्टरांच्या मते कुबोयामा यांचा मृत्यू किरणोत्सर्गामुळे झाला होता. अमेरिकी बाजूला ते मान्य नव्हते. उपचारांदरम्यान खलाशांना रक्त चढवले होते, त्यातून हिपॅटायटिस म्हणजे यकृताचा दाह झाला आणि त्यात ते गेले, असे तिचे म्हणणे होते. जानेवारी १९५५ मध्ये अमेरिकेने जपानला २० लाख डॉलर दिले. मात्र ही रक्कम कायदेशीर जबाबदारीचा प्रश्न बाजूला ठेवून, सदिच्छेपोटी दिल्याचे स्पष्ट केले.

हा वाद वरकरणी वैद्यकीय वाटतो, पण मुळात तो नोंदीचा आहे. मृत्यूचे ‘मूळ कारण’ कशाला म्हणावे, याचा जागतिक आरोग्य संघटनेचा नियम साधा आहे. ज्या आजाराने किंवा दुखापतीने मृत्यूकडे नेणारी साखळी सुरू झाली, ते मूळ कारण. दुखापत बाहेरच्या घटनेने झाली असेल, तर ती घटना हे मूळ कारण. या नियमाने पाहिले, तर अमेरिकेचा युक्तिवाद शब्दशः मान्य केला तरी प्रश्न सुटत नाही. यकृत निकामी झाले ते दाहामुळे, आणि दाह झाला रक्त चढवल्यामुळे, हे मान्य. पण धडधाकट रेडिओचालकाला रक्त का चढवावे लागले? साखळी मागे नेली की शेवटी हातात तीच पांढरी राख येते.

मराठी वाचकाला ही साखळी अगदी अनोळखी नाही. आपल्याकडे रुग्णालयात मृत्यू झाला की ‘नमुना ४’ भरला जातो. त्यात तात्काळ कारण, त्यामागचे कारण आणि त्याच्याही मागचे कारण अशा ओळी असतात. अनेकदा पहिल्याच ओळीत ‘हृदयक्रिया बंद पडून’ असे लिहून विषय संपवला जातो. हृदय तर प्रत्येकाचेच बंद पडते. ते कशाने बंद पडले, हे खालच्या ओळीत लिहायचे असते आणि नेमकी तीच ओळ कोरी राहते.

मेडिकल कोडिंग म्हणजे काय?

डॉक्टरांनी लिहिलेले निदान ठरावीक अक्षर-अंकांत बदलणे म्हणजे मेडिकल कोडिंग. त्यासाठी ‘आयसीडी’ हे आजारांचे आंतरराष्ट्रीय वर्गीकरण वापरतात. अमेरिकेत १ ऑक्टोबर २०१५ पासून त्याची ‘आयसीडी-१०-सीएम’ ही विस्तारित आवृत्ती लागू आहे. विम्याचे पैसे, रुग्णालयाचे बिल आणि आरोग्याची आकडेवारी हे सारे या कोडवर चालते. कोणत्या आजाराचे किती रुग्ण आहेत, हे सरकारला कळते ते कोड मोजूनच. ज्याला कोड लागला नाही, ते आकडेवारीत घडलेलेच नसते.

कोड ढोबळमानाने दोन प्रकारचे असतात. एक ‘काय झाले’ हे सांगतो आणि दुसरा ‘कशामुळे झाले’ हे सांगतो. हाड मोडले हा पहिला, दुचाकीवरून पडून मोडले हा दुसरा. लष्करी किरणोत्सर्गाची सारी गुंतागुंत या दुसऱ्या प्रकारात आहे.

लष्करी किरणोत्सर्गासाठी कोणते कोड आहेत?

‘काय झाले’ यासाठी टी-६६ हा किरणोत्सर्गजन्य आजाराचा कोड आहे आणि एल-५८ हा किरणांमुळे होणाऱ्या त्वचादाहाचा. कर्करोगांचे कोड वेगळे. शरीरात अडकून राहिलेल्या किरणोत्सारी तुकड्यांसाठी झेड-१८.० आहे. त्यातील झेड-१८.०१ हा तर खास ‘डिप्लिटेड युरेनियम’च्या तुकड्यांसाठी आहे. १९९१ च्या आखाती युद्धात अमेरिकेने रणगाडाभेदी गोळ्यांत हा धातू वापरला. आपल्याच बाजूच्या माऱ्यात सापडलेल्या काही अमेरिकी सैनिकांच्या अंगात त्याचे तुकडे राहिले. या धातूचा किरणोत्सर्ग मंद असतो. मूत्रपिंडांवर होणारा त्याचा रासायनिक परिणाम ही डॉक्टरांची मोठी चिंता असते.

‘कशामुळे झाले’ यासाठी वाय-३६ आणि वाय-३७ हे दोन गट आहेत. वाय-३६ युद्धासाठी, वाय-३७ शांतताकाळातील लष्करी कारवाया आणि सरावांसाठी. दोन्हींत दशांशानंतरचा ५ हा अंक अण्वस्त्रे दाखवतो. पुढचा अंक परिणामाचा प्रकार सांगतो. स्फोटाचा थेट धक्का, त्यातून झालेली पडझड, उष्णता आणि आण्विक किरणोत्सर्ग यांना वेगवेगळे अंक आहेत. त्यापुढचा अंक माणूस सैनिक होता (०) की नागरिक (१) हे सांगतो. शेवटचे अक्षर उपचाराचा टप्पा दाखवते : पहिल्या उपचारांसाठी ‘ए’, पुढच्या भेटींसाठी ‘डी’ आणि नंतर उरलेल्या दीर्घ परिणामांसाठी ‘एस’.

म्हणजे वाय-३७.५४०एस एवढ्या छोट्या खुणेत एक अख्खे वाक्य मावते : ‘शांतताकाळातील लष्करी कारवाईत अण्वस्त्राच्या किरणोत्सर्गाला सामोऱ्या गेलेल्या सैनिकाच्या शरीरावर उरलेला परिणाम’.

युद्ध आणि शांतता असे दोन रकाने का?

हा फरक तांत्रिक वाटला तरी त्यात इतिहास आहे. युद्धात अण्वस्त्रे वापरली गेली ती दोनदाच, ऑगस्ट १९४५ मध्ये हिरोशिमा आणि नागासाकीवर. त्यानंतर लष्करी किरणोत्सर्गाने जे आजारी पडले, ते जवळपास सगळे शांतताकाळातले. १९४५ ते १९६२ या काळात वातावरणात झालेल्या चाचण्यांत अमेरिकेचे २ लाखांहून अधिक सैनिक आणि कर्मचारी सहभागी होते. कुणी खंदकात बसून स्फोट पाहिला, कुणी लगेच स्फोटस्थळाकडे चालत गेला, कुणी जहाजाचे डेक धुतले.

अमेरिकी आवृत्तीत या लोकांसाठी वाय-३७ आहे. जागतिक आरोग्य संघटनेच्या मूळ आयसीडी-१० मध्ये मात्र असा गटच नाही. तिथला वाय-३६ युद्ध आणि नागरी उठावापुरता आहे. शांततेतील अणुचाचणीने आजारी पडलेला माणूस त्या यादीत किरणोत्सर्गाच्या सर्वसाधारण अपघातांत, म्हणजे डब्ल्यू-८८ मध्ये जातो. क्ष-किरण यंत्राजवळ झालेली चूक आणि १५ मेगाटनांची चाचणी एकाच रकान्यात येतात आणि ‘लष्कर’ हा शब्द नोंदीतून गळतो.

मग अडते कुठे?

पहिली अडचण काळाची. हिरोशिमा-नागासाकीतून वाचलेल्यांमध्ये रक्ताच्या कर्करोगाचे वाढीव रुग्ण साधारण २ वर्षांनी दिसू लागले आणि ६ ते ८ वर्षांच्या सुमारास त्यांचे प्रमाण सर्वाधिक होते. फुप्फुस, स्तन, आतडे अशा अवयवांचे कर्करोग साधारण १० वर्षांनंतर वाढू लागले आणि पुढे अनेक दशके वाढत राहिले. तोवर सैनिकाने गणवेश उतरवलेला असतो. समोरचा डॉक्टर खोकल्याबद्दल विचारतो, तंबाखूबद्दल विचारतो. ‘१९५७ मध्ये कुठे होता?’ असे विचारत नाही.

दुसरी अडचण नियमाची. अमेरिकेत बाह्य कारणाचा कोड देणे देशपातळीवर सक्तीचे नाही. एखाद्या राज्याने किंवा विमा कंपनीने मागितला तरच तो द्यावा लागतो. एरवी ‘दिला तर चांगले’ एवढेच मार्गदर्शन आहे. हा कोड मुख्य निदान म्हणूनही चालत नाही. त्यामुळे बिल त्याच्यावाचून अडत नाही, आणि ज्याच्यावाचून बिल अडत नाही त्या रकान्याकडे घाईच्या वेळी कोण पाहणार?

तिसरी अडचण विज्ञानाची आहे आणि ती प्रामाणिकपणे मान्य करायला हवी. किरणोत्सर्गाने झालेला कर्करोग सूक्ष्मदर्शकाखाली इतर कर्करोगांहून वेगळा दिसत नाही. हजारो लोकांच्या गटात वाढ मोजता येते, पण एका माणसाकडे बोट दाखवून ‘याला त्या चाचणीमुळेच झाला’ असे बहुतेकदा सांगता येत नाही. म्हणून सावध डॉक्टर कारण लिहिणे टाळतो. त्याचे टाळणे समजण्यासारखे आहे, पण त्याच्या सावधपणाचा फायदा रुग्णाला न होता संरक्षण खात्याला होतो.

एका अंकाने काय फरक पडतो?

अमेरिकेत १९८८ च्या कायद्याने ‘गृहीतका’ची पद्धत आणली. ठरलेल्या चाचण्यांत किंवा कामांत सहभाग सिद्ध झाला आणि यादीतील आजार झाला, तर तो सेवेमुळेच झाला असे सरकार गृहीत धरते. किती किरणे लागली हे सैनिकाला सिद्ध करावे लागत नाही. या यादीत आज थायरॉइड, फुप्फुस, जठर, अन्ननलिका, मेंदू अशा अवयवांच्या कर्करोगांसह २१ आजार आहेत.

रक्ताचा कर्करोग यादीत आहे, पण ‘क्रॉनिक लिम्फोसायटिक’ हा प्रकार सोडून. कोडच्या भाषेत सी-९२.१ म्हणजे दीर्घकालीन मायलॉइड प्रकार असेल तर दार उघडे, सी-९१.१ असेल तर दुसऱ्या, लांबच्या रस्त्याने जा. पुरःस्थ ग्रंथीचा आणि त्वचेचा कर्करोगही त्याच लांबच्या रस्त्यावर आहेत. तिथे प्रत्येकाच्या शरीराने किती किरणे घेतली याचा अंदाज मागवला जातो. निदान लिहिताना प्रकार मोघम राहिला, तर त्या मोघमपणाची किंमत रुग्ण मोजतो. हे कोड म्हणजे निकाल नव्हे, माजी सैनिक खाते निर्णय आपल्या नियमांनी घेते. पण फाइल सुरू होते ती याच निदानापासून.

पुरावा कुणी द्यायचा?

सैनिकाने, आणि तिथेच मेख आहे. १२ जुलै १९७३ रोजी सेंट लुईसजवळच्या राष्ट्रीय अभिलेखागारात आग लागली आणि लष्करी कर्मचाऱ्यांच्या १ कोटी ६० लाख ते १ कोटी ८० लाख फाइली जळाल्या. १९६० पूर्वी सेवामुक्त झालेल्या भूदल सैनिकांच्या सुमारे ८० टक्के नोंदी त्यात गेल्या. अणुचाचण्यांचा मोठा काळ नेमका त्यात येतो. ज्यांच्या नोंदी वाचल्या, त्यांच्या छातीवर किरणे मोजणारा बॅज होताच असे नाही. होता त्यांचाही बॅज बाहेरून येणारी किरणे मोजत असे. श्वासातून आत गेलेल्या कणांचा हिशेब त्यात येत नाही. शिवाय चाचण्यांत सहभागी झालेल्यांना गुप्ततेची शपथ होती आणि ती १९९६ मध्ये कायद्याने उठवली गेली. तोवर स्वतःच्या डॉक्टरला सांगणेही कायद्याच्या कचाट्यात येण्यासारखे होते. रुग्णाने तोंड उघडायचे नाही आणि डॉक्टरने ऐकल्याशिवाय लिहायचे नाही, मग रकाना भरणार कसा?

स्पेनमधील पालोमारेसचे उदाहरण पाहा. १७ जानेवारी १९६६ रोजी अमेरिकेचे बी-५२ बॉम्बफेकी विमान आणि इंधन पुरवणारे विमान हवेत धडकले. चार हायड्रोजन बॉम्ब खाली आले. अणुस्फोट झाला नाही, पण दोन बॉम्बमधील साधी स्फोटके फुटली आणि प्लुटोनियम शेतांत विखुरले. सुमारे १,६०० सैनिकांनी ती दूषित माती खरवडून पिंपांत भरली. अण्वस्त्र होते पण त्याचा अणुस्फोट नव्हता, म्हणून इथे कोणता कोड लावायचा यावरही विचार करावा लागतो. हे सैनिक भरपाईसाठी वर्षानुवर्षे झगडले. २०१९ मध्ये माजी सैनिकांच्या अपिलांसाठीच्या न्यायालयाने सामूहिक दाव्याला परवानगी दिली. अखेर २०२२ च्या ‘पॅक्ट’ कायद्याने पालोमारेस, ग्रीनलँडमधील थुले आणि एनेवेटक प्रवाळद्वीप येथे सफाई करणाऱ्यांना गृहीतकाच्या यादीत घेतले. पालोमारेसच्या सैनिकांसाठी ही वाट ५६ वर्षांची होती. तोवर अनेक जण हयात नव्हते.

नागरिकांचे काय?

कोडमध्ये ‘१’ या अंकाने दाखवले जाणारे नागरिक कायद्यात बरेच मागे राहिले. ब्राव्होची राख रोंगेलाप बेटावरही पडली होती. तिथल्या लोकांना सुमारे दोन दिवसांनी हलवण्यात आले. त्या वेळी १० वर्षांखालील असलेल्या बहुतेक मुलांना पुढे थायरॉइडचे विकार झाले. मार्शल बेटांवर १९४६ ते १९५८ या काळात ६७ चाचण्या झाल्या. १९८६ च्या करारात १५ कोटी डॉलरचा निधी ठेवला गेला. दावे ठरवणाऱ्या न्यायाधिकरणाने मंजूर केलेली भरपाई २ अब्ज डॉलरच्या पुढे गेली आणि पैसा संपला. खुद्द अमेरिकेतील बाधितांसाठीचा १९९० चा भरपाई कायदा जून २०२४ मध्ये मुदत संपून बंद पडला. जुलै २०२५ मध्ये तो वाढीव रकमेसह पुन्हा सुरू झाला. मार्शल बेटांचे रहिवासी त्यात नाहीत.

पुण्यातल्या कोडरच्या हातात काय आहे?

अमेरिकी रुग्णालयांचे कोडिंग मोठ्या प्रमाणावर भारतात होते. पुणे, नवी मुंबई, हैदराबाद, चेन्नई येथील कार्यालयांत बी.एस्सी., फार्मसी किंवा फिजिओथेरपी केलेली मुले-मुली रात्रंदिवस हेच काम करतात. नागरी रुग्णालयात दाखल झालेल्या एखाद्या वृद्ध माजी सैनिकाची फाइल हिंजवडीतल्या पडद्यावर उघडू शकते.

पण कोडरचे हात नियमाने बांधलेले असतात. डॉक्टरांनी लिहिले तेवढेच कोड करायचे, स्वतः तर्क लढवायचा नाही. हा नियम योग्यच आहे. कोडर अंदाज बांधू लागला तर सगळी आकडेवारीच बिघडेल. मात्र नोंदीत ‘नेवाडातील चाचणीत सहभाग’ असे एखादे वाक्य असेल आणि कारणाबद्दल काही नसेल, तर डॉक्टरांना लेखी विचारणा करण्याची सोय आहे. दिवसाच्या चार्टचे लक्ष्य गाठण्याच्या घाईत ते वाक्य नजरेआड होऊ नये, एवढे कोडर करू शकतो.

काय बदलायला हवे?

उपाय मोठ्या शोधाचा नाही. ‘संपर्क आला’ आणि ‘त्यामुळेच आजार झाला’ ही दोन विधाने वेगळी आहेत. दुसरे लिहायला डॉक्टर कचरतो हे ठीक, पण पहिले लिहायला कसली हरकत? त्यासाठी कोडही आहेत. झेड-५७.१ म्हणजे कामाच्या ठिकाणी किरणोत्सर्गाशी आलेला संबंध आणि झेड-९१.८२ म्हणजे लष्करी तैनातीचा पूर्वेतिहास. हे कोड कुणावर ठपका ठेवत नाहीत. ते फक्त एवढे सांगतात, की हा माणूस तिथे होता. अशा लाखो नोंदी एकत्र आल्या की कारणाचे उत्तर संख्याशास्त्र देऊ शकते आणि भरपाईचे उत्तर कायदा.

म्हणून माजी सैनिकाच्या प्रत्येक नोंदीत सेवेचा इतिहास विचारणे सक्तीचे व्हावे. किरणोत्सर्गाशी संबंध आला असेल, तर त्याचा कोड ऐच्छिक राहू नये. मोजमापाच्या नोंदी सैनिकाच्या हातात त्याच्या हयातीत पडाव्यात. १ जानेवारी २०२२ पासून लागू झालेल्या आयसीडी-११ मध्ये आजार, कारण आणि परिस्थिती यांचे कोड एकमेकांना जोडता येतात. साखळी लिहिण्याची सोय आता वर्गीकरणातच आहे. ती वापरायची की नाही, हे देशांनी ठरवायचे आहे.

अण्वस्त्रे बाळगणाऱ्या प्रत्येक देशाला हा प्रश्न लागू होतो. शस्त्र हाताळणारा माणूस देश आपला म्हणतो, तर त्याच्या शरीरावर त्या शस्त्राने काय केले, याची नोंदही देशानेच ठेवायला हवी. कुबोयामा यांच्या मृत्यूचे कारण काय, हा वाद सात दशकांपूर्वी दोन सरकारांत झाला. आज तोच वाद एकेका रुग्णाच्या फाइलमध्ये कुणाच्याही नकळत होतो, आणि रकाना कोरा राहिला की तो रुग्णाच्या विरोधात निकाली निघतो.